थट्टेचा मान

मी टीव्हीसाठी विनोद लिहिते. पाहुण्यांना सोफ्यावर बसवून गप्पा मारायचे जे कार्यक्रम असतात, त्यातला सूत्रसंचालक सहज सुचल्यासारखं जे बोलतो, ते आदल्या दिवशी चार-पाच जणांनी आपसात भांडून लिहिलेलं असतं. त्या भांडणाऱ्यांतली मी एक. आता भांडण सोडवायचं कामही माझ्याकडेच आलंय, कारण मी मुख्य लेखक आहे आणि कार्यक्रमाच्या निर्मितीतही आहे. गावी हे कुणाला समजावून सांगायची सोय नाही. मोहाडीच्या बाजारात ओळखीची बाई भेटली की ती हटकून विचारते, "तू टीव्हीत दिसत तं नाही, मंग करते काय तिथं?" मी म्हणते, बोलणाऱ्याला शब्द देते. ती म्हणते, "काहून, त्याले सोताचे नाही सुचत काय?" नाही सुचत, बाई. म्हणून तर माझं पोट भरतं.

हे काम शिकलीस कुठे, असं नव्या पोरी विचारतात तेव्हा मी नागपूरच्या कॉलेजातल्या एकांकिकांचं नाव सांगते. ते ऐकायला बरं वाटतं. खरं म्हणजे मी ते लग्नाच्या पंगतीत शिकले, आईच्या मागे भाताची परात धरून.

आमचं गाव भंडारा जिल्ह्यात, मोहाडीच्या थोडं पुढे, बोडीच्या काठाला. बोडी म्हणजे लहान तलाव, तिच्याच पाण्यावर आमचं धान, म्हणजे भाताचं पीक, होतं. व्याह्याला आमच्याकडे इवाई म्हणतात आणि विहिणीला ईन. त्यांची थट्टा झाली नाही तर लग्न नीट लागलं असं कुणी मानत नाही. मुलीकडच्या बायांनी नवरदेवाकडच्या माणसांना पंगतीत वाढता वाढता चिडवायचं, गाण्यात गुंफून किंवा सरळ तोंडावर, आणि त्यांनी जमेल तसं परतवायचं. या कामात आईचा हात धरणारं आसपास कुणी नव्हतं. भावकीत, शेजारच्या गावात, कुठेही मुलीचं लग्न असलं की तिला आधी निरोप यायचा. ती माणूस बघायची, त्याच्या पानात भात वाढायची आणि मग तोंड उघडायची. वाढायच्या आधी कधीच नाही. उपाशी माणसाची थट्टा केली की भांडण होते, असं ती म्हणे.

एका लग्नातली गोष्ट माझ्या चांगली लक्षात आहे. पंगत रंगात आली होती, नवरदेवाचे काका, मावसा, मित्र सगळे आईच्या तडाख्यातून गेले होते, आणि नवरदेवाचा मामा तेवढा पानाला हात न लावता बसला होता. त्याला अलीकडेच काहीतरी दुखणं झालं होतं, म्हणून आईला कुणीतरी बजावून ठेवलं होतं की त्याला काही बोलू नको. माणूस फुगून बसला. कुणी विचारलं तर म्हणाला, "जेवाची इच्छा नाही." शेवटी त्याच्या बायकोने आईला कानात सांगितलं, "त्यायले कोनी काही मनलंच नाही ना, म्हनून."

आई परत फिरली. मामाने नव्या चपला चोरीला जाऊ नयेत म्हणून मांडीखाली दाबून ठेवल्या होत्या. आईने त्याच्या पानात भाताचा दुसरा डाव टाकला आणि सगळ्या पंगतीला ऐकू जाईल असं विचारलं, "मामाजी, चपलायलेही जेवाले बसवलं काय? त्यायचीही पत्रावळ मांडू?" मांडव हसला. मामा सगळ्यांत मोठ्याने हसला आणि मग असा जेवला की वाढणाऱ्या थकल्या.

थट्टा हा मान असतो आणि तो कुणाला चुकवायचा नसतो, हे मला तेव्हा कळलं असं मी म्हणणार नाही. मला तेव्हा फक्त परात जड झाली होती.

मुंबईला गेले तेव्हा पहिलं काम मिळालं ते रेकॉर्डिंगच्या आधी प्रेक्षकांना हसतं करायचं. सकाळपासून बसून कंटाळलेली माणसं असतात, एसीने गारठलेली असतात, आणि कॅमेरा सुरू व्हायच्या आत त्यांना हसायची सवय लावायची असते. मी आमच्या भाषेत सुरू केलं की त्यांना आधी माझ्याच बोलण्याचं हसू यायचं. मी म्हटलं, हसा बापा, पगार तोच आहे. पुढे पाहुण्यांना आधी फोन करून त्यांच्याकडून किस्से काढायचं काम आलं. त्यात मी पटाईत निघाले. कोणता माणूस कशावर चिडवून घ्यायला तयार आहे, हे मला दोन वाक्यांत समजायचं. मग लिहायला लागले. माझं वाक्य कापलं की मी भांडायचे, आणि दुसऱ्याचं वाक्य चांगलं असलं तरी भांडायचे. स्वभाव तिखट आहे, तो लपत नाही.

आई प्रत्येक भाग बघायची आणि दुसऱ्या दिवशी फोन करायची. कौतुक तिला जमत नाही. एखाद्या पाहुण्याला आम्ही नुसते गोड प्रश्न विचारून सोडलं असेल तर म्हणायची, "त्या पावन्याले तुमी लोकायनं कोरडंच धाडलं." चॅनेलच्या कुठल्याही बैठकीपेक्षा मला या फोनची धास्ती जास्त असायची.

मग एका पावसाळ्यात, धानाच्या रोवणीच्या दिवसांत, आई बांधीवर, म्हणजे शेतात, रोवणाऱ्या बायांची शिदोरी घेऊन गेली, धुऱ्याच्या बांधावर बसली आणि उठेना. लकवा. उजवा हात, उजवा पाय आणि तोंडाची उजवी बाजू. भंडाऱ्याच्या दवाखान्यातून घरी आणताना डॉक्टरांनी भावाला आणि मला एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगितली, की यांना बोलतं ठेवा. जीभ जड झालीये, पण बोलल्या तर सुधारतील. मी कार्यक्रमवाल्यांना कळवलं की हा सगळा सीझन मी गावावरून करीन. मान्य झालं. आमच्या गच्चीवर पाण्याच्या टाकीशेजारी नेटवर्क चांगलं येतं, तिथे मी लॅपटॉप मांडला. मुंबईतले लेखक विनोदावर वाद घालायचे आणि मध्येच आमची म्हैस त्यावर मत द्यायची. तिचं मत बहुतेकदा बरोबर असायचं.

गच्चीवर हसणं चालायचं आणि खाली घरात मात्र ते बंद झालं होतं. काकी, म्हणजे वडिलांच्या मोठ्या भावाची बायको, आमच्या घरी मदतीला येऊन राहिली होती. तिने आल्या आल्या सांगून टाकलं, "इच्या समोर हासा-खिदळाचं नाही. तिले वाईट वाटन." सगळ्यांनी मान्य केलं. भेटायला येणारी माणसं मान तिरपी करून, आवाज पाडून बोलायची, जाताना उसासा टाकायची. आई काही बोलायला लागली, शब्द अडला, की समोरचा घाईघाईने तो पुरा करायचा. पाणी पाहिजे? कूस बदलायची? आणि ती मान हलवायची. दर वेळी कुणीतरी वाक्य पुरं करून दिल्यावर माणसाने बोलायचं कशाला? आई गप्प झाली. आधी थोडी, मग जवळपास पूर्ण. मला फार राग यायचा, पण काढायचा कुणावर? सगळेच मायेनं वागत होते.

भावाचं लग्न आधीच ठरलेलं होतं, नाकाडोंगरीच्या मुलीशी. धान निघाल्यावर करायचं होतं. मुलीकडचे तारीख पक्की करायला येणार असा निरोप आला तेव्हा आई बऱ्याच दिवसांनी स्वतःहून बोलली. तोंडावर पदर धरून, एकेक शब्द ढकलत ती म्हणाली, "मी मांडवात नाही येत. लोकं पायतीन."

भाऊ म्हणाला, "मंग मीही नाही येत." आणि बाहेर निघून गेला. तो पोकळ बोलणारा नाही. लोकांच्या पोरींच्या लग्नात जिने मांडव हलवले, ती स्वतःच्या पोराच्या लग्नाला आतल्या खोलीत भिंतीकडे तोंड करून पडणार होती, आणि तसं झालं असतं तर ती पुन्हा त्या खोलीबाहेर आली नसती, असं मला वाटत होतं.

त्याच आठवड्यात एक रेकॉर्डिंग होतं. पाहुणे म्हणून एक जुने विनोदी नट येणार होते, मोठ्या आजारातून उठलेले, हात सतत थरथरणारे. सोबत एक तरुण नट. चॅनेलच्या बाईंनी बैठकीत स्पष्ट सांगितलं की यांच्यावर एकही विनोद नको, प्रेक्षकांना आवडणार नाही. मी वाद घातला, हरले, आणि आदराची वाक्यं लिहून दिली. रेकॉर्डिंगच्या वेळी मी गच्चीवरून बघत होते आणि माझा आवाज सूत्रसंचालकाच्या कानातल्या यंत्रात जात होता. तरुण नटाची यथेच्छ टिंगल चालू होती. जुन्या नटाच्या वाट्याला मात्र आला नुसता गौरव. त्यांच्यासमोर ठेवलेला चहा तसाच होता, कारण कप उचलला तर हात दिसला असता. ते हसत होते, पण चेहरा हळूहळू त्या नवरदेवाच्या मामासारखा होत चालला होता.

मध्यंतर झालं तेव्हा ते सूत्रसंचालकाला म्हणाले, "माझी शोकसभा किती वाजता आटोपेल?"

कॅमेरे बंद होते, कुणी हसलं नाही. मी मात्र गच्चीवर ताडकन उभी राहिले. त्यांच्या एका जुन्या सहकलाकाराने मला फोनवर सांगितलं होतं की या माणसाने सगळ्या आयुष्यात चहाचे पैसे कधी स्वतः दिले नाहीत. मी सूत्रसंचालकाच्या कानात एक वाक्य सांगितलं. तो घाबरला. मी म्हटलं, बोल, नोकरी गेली तर माझी जाईल.

कॅमेरे सुरू झाले आणि तो म्हणाला, "सर, दुसऱ्याच्या पैशाचा चहा तुमच्यासमोर इतका वेळ भरलेला राहिलाय, असं कधी झालं होतं का हो?"

म्हाताऱ्याचे डोळे चमकले. दोन्ही हातांनी त्यांनी कप उचलला. तो थरथरला, चहा बशीत सांडला, सदऱ्यावर सांडला. त्यांनी शांतपणे एक घोट घेतला आणि म्हणाले, "निम्मा सांडला तरी काय बिघडतं? उरलेला निम्माही फुकटच आहे."

प्रेक्षक उठून उभे राहिले. पुढचा सगळा वेळ त्यांनी कुणाला बोलूच दिलं नाही. चॅनेलच्या बाईंचा फोन आला तेव्हा मला वाटलं, चला, गाशा गुंडाळा. त्या म्हणाल्या की तेच वाक्य जाहिरातीत घेतोय. मी बरं म्हटलं, लॅपटॉप मिटला आणि खाली उतरले.

खाली काकी आईला भरवत होती. लहान बाळाशी बोलावं तशा आवाजात. मला राहवलं नाही. मी म्हटलं, "माय, राणीसारखं जेवण चाललंय, कामं टाळायचा चांगला बहाणा शोधला तू." काकीने माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी घरात जोडे घालून आले होते. आईने नुसती मान दुसरीकडे वळवली. लागलं होतं तिला ते. आणि मग मला कळलं की हे माझं कामच नाही. लेकीने आईची थट्टा करायची रीत आमच्याकडे नाही, तो हक्क ईनीचा. तिने केली तर मान, मी केली तर टोचणी.

मग मला जे येतं तेच मी केलं. भावाच्या होणाऱ्या सासूला, नाकाडोंगरीला, फोन लावला. पाहुण्याला करते तसाच. म्हटलं, "मावशी, तुम्ही याल तेव्हा आईची थट्टा करा. मी वाक्यं सांगते."

त्या बिचाऱ्या भ्याल्या. "ना वो बाई! आजारी मानसाची थट्टा कराले लावता काय मले? पाप लागन." मी पुष्कळ समजावलं. चपलांचा किस्सा सांगितला, चहाचा सांगितला. शेवटी त्या म्हणाल्या, "धाडून ठेवा मोबाइलवर. पायतो." मी चांगली घासून-पुसून तीन वाक्यं बोलून पाठवली. एक आमच्या म्हशीवर, एक माझ्या भावाच्या वजनावर, आणि एक आईने पूर्वी त्यांच्याच नात्यातल्या लग्नात गाऊन ठेवलेल्या गाण्याची परतफेड म्हणून. माझ्या आयुष्यातलं ते सगळ्यांत महत्त्वाचं लिखाण होतं, आणि ते बोलणार होती कधी स्टेजसमोरही न बसलेली बाई.

ते आले. आई यायला तयार नव्हती. भाऊ तिला धरून जवळजवळ उचलूनच बैठकीत घेऊन आला. तिने चेहऱ्याची उजवी बाजू पदराने झाकून घेतली होती. पुरुष मंडळी पाऊसपाण्याचं बोलायला लागली. मावशी आईच्या समोर बसल्या. मी खुणेने विचारलं, झालं का पाठ? त्यांनी डोळे मिटून मान हलवली. सगळी वाक्यं साफ विसरल्या होत्या. आईचा चेहरा पाहिला आणि त्यांचे ओठ थरथरायला लागले. आता या रडणार, मी मनात म्हटलं, संपलं सगळं.

काहीतरी करायचं म्हणून त्यांनी घरून आणलेला पेढ्यांचा डबा उघडला. तोंड गोड करायची रीत होती. एक पेढा मोडून त्यांनी आईच्या तोंडात घातला. उजव्या बाजूने ओठ नीट मिटत नव्हता. पेढा आतून सरकला आणि सगळ्यांच्या डोळ्यांदेखत आईच्या पदरात पडला.

काकी रुमाल घ्यायला उठली. आईची मान खाली गेली ती अशी की मला तिच्याकडे बघवेना. मावशी मात्र त्या पदरातल्या पेढ्याकडेच बघत होत्या. आणि त्यांच्या तोंडून निघून गेलं, "ईनबाई, घरच्या म्हशीच्या दुधाचा पेढा होय. नाही आवडला तं तोंडानं सांगा ना, असा वापस काहून करून राहिल्या?"

"अवो!" काकी ओरडली. मावशींनी स्वतःच स्वतःच्या तोंडावर हात मारला.

आईने मान वर केली. मावशींकडे बघितलं, सावकाश, पंगतीत पान बघायची तसं. तिच्या तोंडाची डावी बाजू हलली. मग ती बोलायला लागली. शब्द जड होते, एकेक थांबून थांबून येत होता, आणि या वेळी कुणीही तिचं वाक्य पुरं करून दिलं नाही, कारण ते पुढे कुठे जाणार हे कुणालाच माहीत नव्हतं.

"पोरगी," ती म्हणाली. "ठेवून घेतो." मग दम घेतला. डाव्या हाताने पदरातला पेढा उचलून तिने मावशींपुढे धरला. "पेढा वापस न्या."

मावशींचे यजमान, आमचे इवाई, इतक्या जोरात हसले की बाहेर कोंबड्या उडाल्या. भाऊ हसत हसत भिंतीला टेकला. मावशी हसता हसता रडायला लागल्या आणि तो पेढा त्यांनी स्वतःच खाऊन टाकला. काकीलाही हसू आवरलं नाही, तरी ती रुमाल हातात घेऊन तशीच उभी होती. आई हसत होती. अर्ध्या तोंडाने, पण आवाजासकट. पदर केव्हा खांद्यावर गेला ते तिच्या लक्षातही आलं नव्हतं.

हसणं ओसरायच्या आत इवायांनी तारखेची गोष्ट काढली. दोन तारखा होत्या. भाऊ आईकडे बघत राहिला. आईने त्याच्याकडे पाहिलं, मग मावशींच्या अंगावरच्या साडीकडे पाहिलं. "पयली धरा," ती म्हणाली. "मांडवासाठी मले... इच्याहून चांगली पायजे."

मी कोपऱ्यात बसून रडत होते. लहान पोरीसारखी, नाक ओढत, लाज न बाळगता. आईची नजर फिरत फिरत माझ्यावर आली आणि तिथे थांबली. तिचा डावा हात उठला.

"हे पाहा, ईनबाई," ती म्हणाली. "हे माही पोरगी. लोकायले हासवाचे... पैसे घेते. अन् घरी... फुकट रडते."

आजारपणानंतर तिने पहिल्यांदा माझी थट्टा केली होती. मला डोळे पुसायचे होते, पण सगळे माझ्याकडे बघून अजून हसत होते आणि आई त्यांच्याकडे बघत होती. म्हणून मी तशीच रडत राहिले.